बहिणीची सही

नागपंचमी तोंडावर आली म्हणजे निपाणी, चिकोडी, संकेश्वर या बाजूच्या मोटार-स्टँडांवर माहेरवाशिणींची वर्दळ सुरू होते. सीमेच्या अलीकडची लेक पलीकडे कागल-गडहिंग्लजकडे दिलेली असते. पलीकडची अलीकडे आलेली असते. भाऊ मुराळी होऊन बहिणीला न्यावयास येतो. चार दिवस हसण्याखेळण्यात, गोडधोडात जातात. निघण्याच्या आदल्या संध्याकाळी सोप्यात बसून थोरला भाऊ सहज म्हणावे तसे म्हणतो, "अक्का, जाण्याआधी कचेरीत एवढी एक सही करून जा. नुसता कागद आहे." अक्का "बरं" म्हणते. कसला कागद, हे ती विचारीत नाही. विचारले तर भावावर अविश्वास दाखविल्यासारखे होईल, असे तिला वाटते.

दुसऱ्या दिवशी दुय्यम निबंधकाच्या कचेरीत तो कागद पुढे येतो. तो बहुधा कन्नडमध्ये लिहिलेला असतो, आणि अक्का मराठी शाळेत शिकलेली असते. अधिकारी तिला विचारतो, "सही तुमचीच ना? तुम्हीच केलीत ना?" ती मान डोलावते. अंगठा उठतो, छायाचित्र निघते, आणि दहा मिनिटांत सगळे आटोपते. परतताना भाऊ बाजारातून चांगली साडी घेतो. घरी ओटी भरली जाते. मोटार सुटताना दोघांच्याही डोळ्यांत पाणी असते, आणि ते खोटे नसते.

या कागदाला हक्कसोडपत्र म्हणतात. वडिलोपार्जित जमिनीत व घरात बहिणीचा जो हिस्सा आहे तो तिने भावाच्या नावे सोडून दिला, एवढाच त्याचा अर्थ. सीमाभागात असे कागद रोज होतात, महाराष्ट्रातही होतात. त्यांत फसवणूक असतेच असे नाही. पुष्कळदा सर्वांना ते योग्यच वाटते. परंतु एका बाजूस स्वतःचे असे काही असावे ही माणसाची साधी इच्छा, आणि दुसऱ्या बाजूस घराविषयीचे कर्तव्य, या दोहोंचा सामना आजच्या मराठी कुटुंबात जितका या सहीत होतो तितका क्वचितच अन्यत्र होत असेल. म्हणून त्या सहीमागे काय आहे हे नीट समजून घेतले पाहिजे.

एकाच वर्षातील दोन रेषा

हिंदू कुटुंबाच्या मालमत्तेचा जुना कायदा मुख्यतः 'मिताक्षरा' या ग्रंथावर उभा होता. याज्ञवल्क्यस्मृतीवरील ही टीका विज्ञानेश्वराने सुमारे नऊशे वर्षांपूर्वी कल्याणीच्या चालुक्यांच्या राज्यात लिहिली. ती कल्याणी म्हणजे आजच्या कर्नाटकातील बसवकल्याण. वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाचा हक्क जन्मतःच उत्पन्न होतो, हे या परंपरेचे मुख्य सूत्र होय. मुलीला तो हक्क नव्हता. तिचे पालनपोषण करावे, लग्न करून द्यावे, सणावाराला चोळी-बांगडी करावी, एवढे घराचे देणे. मुलगेच नसतील तर मात्र मुंबई इलाख्यात मुलीला बापाची मालमत्ता पूर्ण मालकीने मिळे. आणि बेळगाव जिल्हा त्या काळी मुंबई इलाख्यातच होता. कर्नाटकात लेकीला हळदीकुंकवासाठी म्हणून जमिनीचा तुकडा देण्याची चालही जुनी आहे. तिला कन्नडमध्ये अरिशिण-कुंकुम म्हणतात. म्हणजे लेकीला जमीन देणे हे परंपरेला अगदीच अपरिचित होते असे नव्हे. मात्र ते देणे बापाच्या मनावर होते. लेकीच्या हक्काचे नव्हते.

स्वातंत्र्यानंतर हा कायदा बदलण्याचा मोठा प्रयत्न हिंदू कोड बिलाच्या रूपाने झाला. मुलीला वारसा मिळावा हा त्यातील एक प्रमुख मुद्दा होता, आणि विरोधाची धारही तेथेच सर्वांत तीव्र होती. बिल रखडले तेव्हा, १९५१ च्या सप्टेंबरात, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. पुढे त्या बिलाचे तुकडे करून वेगवेगळे कायदे झाले. त्यांपैकी हिंदू वारसा कायदा १७ जून १९५६ रोजी अमलात आला. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला राज्यपुनर्रचना होऊन बेळगाव-निपाणीचा मुलूख मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला. नकाशावर ओढलेल्या रेषेविषयी या भागात गेली सत्तर वर्षे बोलले जात आहे. त्याच वर्षी घराघरांतून जी दुसरी रेषा सरकली, तिच्याविषयी मात्र फारसे कोणी बोलले नाही.

ती रेषा १९५६ मध्ये थोडीच सरकली. बापाने स्वतः मिळविलेल्या मालमत्तेत, मृत्युपत्र नसल्यास, मुलगी मुलाच्या बरोबरीची वारस झाली. परंतु वडिलोपार्जित मालमत्तेतील जन्मसिद्ध हक्क मुलांकडेच राहिला. मुलीला मिळावयाचा तो फक्त बापाच्या हिश्शातील हिस्सा.

हा फरक आकड्यांत मांडला म्हणजे स्पष्ट होतो. समजा, एका घरी नऊ एकर वडिलोपार्जित जमीन आहे. बाप, दोन मुलगे आणि एक मुलगी. आई आधीच निवर्तलेली. जुन्या रीतीने बापाच्या मृत्यूच्या क्षणी वाटणी झाली असे मानावयाचे. बापाला तीन एकर, प्रत्येक मुलाला तीन एकर. मग बापाच्या तीन एकरांचे तिघा मुलांत समान वाटे. म्हणजे प्रत्येक मुलाला चार एकर आणि मुलीला एक एकर. आता मुलीचाही हक्क जन्मापासून आहे असे धरले, तर पहिल्या वाटणीतच चार भाग पडतात. बाप, दोन मुलगे व मुलगी यांना प्रत्येकी सव्वादोन एकर, म्हणजे नव्वद गुंठे. बापाच्या नव्वद गुंठ्यांतून प्रत्येकाला आणखी तीस गुंठे. तिघांनाही तीन-तीन एकर. एका एकराचे तीन एकर होणे हा त्या दोन शब्दांचा, 'जन्मतः हक्क' या शब्दांचा, परिणाम आहे.

राहत्या घराचीही गोष्ट अशीच. १९५६ च्या कायद्यातील एका कलमाप्रमाणे, भाऊ स्वतः वाटणी करीपर्यंत बहिणीला घराची वाटणी मागता येत नसे. अविवाहित, विधवा, टाकलेली वा नवऱ्यापासून वेगळी झालेली असेल तर तिला त्या घरात राहता येई; सुखाने नांदणाऱ्या लेकीला तेवढेही नाही. हे कलम २००५ साली काढून टाकण्यात आले.

दोन बहिणी आणि एक तारीख

मुलीला जन्मतः हक्क देण्याचा बदल काही राज्यांनी केंद्राच्या आधी केला. आंध्र प्रदेश आणि तामिळनाडू यांच्या मागोमाग १९९४ साली महाराष्ट्र व कर्नाटक या दोन्ही राज्यांत तो आला. महाराष्ट्रात त्याची तारीख २२ जून, कर्नाटकात ३० जुलै. परंतु दोन्हीकडे एक अट होती. त्या तारखेपूर्वी जिचे लग्न झाले होते तिला हा हक्क नाही. त्यामुळे एकाच बापाच्या दोन लेकींपैकी जिचे लग्न १९९४ च्या वैशाखात लागले ती घराबाहेरची ठरली, आणि जिचे पुढल्या वर्षी लागले ती भावाच्या बरोबरीची ठरली. घरच्या घरी अशी तफावत उत्पन्न करणारा कायदा फार दिवस टिकणे कठीणच होते. ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्राची दुरुस्ती सर्व देशाला लागू झाली. तीत लग्नाची अट नाही. मुलीला मुलाप्रमाणेच जन्मतः हक्क, आणि त्या मालमत्तेवरील दायित्वेही मुलाप्रमाणेच.

येथे बेळगावचे नाव देशाच्या कायद्याच्या इतिहासात कायमचे येते, आणि ही गोष्ट बेळगावातही पुष्कळांना ठाऊक नाही. १९९२ साली बेळगावच्या दिवाणी न्यायालयात एका मुलीने भावंडांविरुद्ध वाटणीचा दावा केला. वडील १९८८ साली वारले होते. तिची मागणी एकसप्तमांश हिश्शाची होती. खालच्या न्यायालयाने जुन्या रीतीने हिशेब करून काही मिळकतींत एक अठ्ठाविसांश हिस्सा दिला. दावा चालू असतानाच २००५ ची दुरुस्ती आली, आणि उच्च न्यायालयाने तिच्या आधारे काही मिळकतींत एकसप्तमांश हिस्सा मान्य केला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. १६ ऑक्टोबर २०१५ रोजी तेथे असा निर्णय झाला की, ९ सप्टेंबर २००५ रोजी बाप हयात असेल तरच मुलीला नव्या कायद्याचा लाभ मिळेल. या मुलीचे वडील त्याच्या सतरा वर्षे आधी वारले होते. उच्च न्यायालयाचा निर्णय फिरला. कायद्याच्या ग्रंथांत हा खटला 'प्रकाश विरुद्ध फुलवती' या नावाने ओळखला जातो, आणि पाच वर्षे देशभरच्या हजारो मुलींचा हक्क बाप कोणत्या तारखेस वारला यावर अवलंबून राहिला.

शेवटी ११ ऑगस्ट २०२० रोजी 'विनीता शर्मा' खटल्यात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तो निर्णय रद्द ठरविला. हक्क जन्माने येतो. बापाच्या मृत्यूची तारीख त्याच्या आड येत नाही, असे या पीठाने सांगितले. २० डिसेंबर २००४ पूर्वी खरोखर पुऱ्या झालेल्या वाटण्या मात्र कायम राहिल्या. "आमची वाटणी तोंडी झाली होती" असे नुसते म्हणणे सहसा पुरणार नाही, तिला सार्वजनिक कागदपत्रांचा भक्कम आधार पाहिजे, असेही न्यायालयाने बजावले. आज जो कायदा चालतो तो हा.

इतके झाल्यावर बहिणींचे हिस्से बहिणींच्या नावे झाले असतील, असे कोणास वाटेल. प्रत्यक्षात, कायदा बळकट झाला तसतसे हक्कसोडपत्राचे महत्त्व वाढत गेले. पूर्वी बहिणीला विचारण्याचे कारणच नव्हते. बाप वारला की तलाठ्याकडे वर्दी दिली जाई, आणि मुलांची नावे उताऱ्यावर चढत. आता खरेदीदार, बँक, रस्त्यासाठी जमीन संपादन करणारे सरकारी खाते, सर्वजण विचारतात : बहिणी किती, आणि त्यांच्या सह्या कोठे आहेत? बहिणीच्या हक्काची दखल पहिल्यांदा घेतली गेली ती तो हक्क सोडवून घेण्याच्या निमित्ताने. २०१५-१६ च्या कृषिगणनेत देशातील शेतीच्या खात्यांपैकी सुमारे १४ टक्केच खाती स्त्रियांकडे होती. तंबाखूच्या वखारीपासून उसाच्या फडापर्यंत या भागातील बाई राबताना दिसते; उताऱ्यावर ती क्वचितच दिसते.

माहेर नावाची मिळकत

बहीण सही का करते? ती भोळी आहे, एवढे उत्तर पुरे नाही. पुष्कळ शिकलेल्या बहिणीही सही करतात, आणि विचार करून करतात.

बहिणीच्या दृष्टीने माहेर हीच एक मिळकत आहे. सासरी काही बिनसले तर उभे राहावयास एक दार. आजारपणात, बाळंतपणात, लेकीच्या लग्नात मामा म्हणून पाठीशी उभा राहणारा एक माणूस. हे दार भावाच्या हातात असते. तीन एकर मागितले तर ते दार बंद होईल, आणि तीन एकर तरी हाती येतील की नाही याची शाश्वती नाही. कोर्टात वर्षे जातात. बेळगावच्या त्या दाव्याला सर्वोच्च न्यायालयाचा निकाल लागेपर्यंतच तेवीस वर्षे लागली. तेव्हा बहीण हिशेब करते आणि माहेर राखते. गावही तिला तेच शिकविते. सही देणारी बहीण मनाची मोठी, आणि न देणारी हावरी. भावाने जमीन घेतली तर त्याला मात्र कोणी हावरा म्हणत नाही.

पण भावाची बाजूही ऐकली पाहिजे, कारण ती पुष्कळदा खरी असते. जो मुलगा गावी राहिला, त्याचीही काही इच्छा होती. त्यालाही पुण्याला जावयाचे होते, सैन्यात भरती व्हावयाचे होते, बेळगावच्या कारखान्यात नोकरी धरावयाची होती. बाप थकला, कोणीतरी रान बघावयास हवे होते, म्हणून तो राहिला. आईच्या औषधपाण्याचा खर्च, बापाचे कर्ज, बहिणींच्या लग्नांचे देणे त्याने फेडले. विहिरीला पाणी लागेना तेव्हा सोसायटीच्या दारात तोच उभा राहिला. आता नऊ एकरांचे तीन वाटे झाले तर त्या तीन एकरांवर त्याचा संसार चालावयाचा नाही. त्याला बहिणीचा हक्क दिसत नाही असे नाही. पण आपला त्याग कोणत्याच उताऱ्यावर चढला नाही, हे त्याला अधिक दिसते. त्याच्या मनात एक भीतीही असते : उद्या दाजींनी हिस्सा परक्याला विकला तर?

म्हणून येथे एका बाजूस स्वार्थ आणि दुसऱ्या बाजूस कर्तव्य अशी सरळ विभागणी करता येत नाही. इच्छा दोघांच्याही आहेत आणि कर्तव्ये दोघांचीही आहेत. मात्र भावाच्या कर्तव्याचे बक्षीस जमिनीच्या रूपाने मिळते, आणि बहिणीच्या कर्तव्याचे बक्षीस साडीच्या रूपाने.

आणखी एक गोष्ट सहसा ध्यानात घेतली जात नाही. जी बाई माहेरी सही देते, तिच्या सासरीही तिच्या नणंदेने सही दिलेली असते. म्हणजे तिच्या घरात नणंदेचा हिस्सा आलेला असतो, आणि तिचा हिस्सा भावजयीच्या घरात गेलेला असतो. लोक म्हणतात, मग फिटंफाट झालीच की! हिशेब वरवर बरोबर दिसतो. पण एक जमा राहून जाते. नणंदेचा हिस्सा या बाईच्या नावावर आलेला नाही, तो तिच्या नवऱ्याच्या नावावर आला आहे. तिचा स्वतःचा हिस्सा भावजयीच्या नावावर गेलेला नाही, तो भावाच्या नावावर गेला आहे. तिन्ही बायांनी दिले. तिघींपैकी एकीच्याही नावावर काही आले नाही. संसार सुरळीत चालला आहे तोवर हे कोणाला जाणवत नाही. नवरा अकाली गेला, त्याने टाकले, किंवा तो व्यसनी निघाला, की ते एका दिवसात जाणवते. आणि तेव्हा माहेरचा कागद केव्हाच नोंदला गेलेला असतो.

कर्तव्य कायद्याने कोणावर टाकले?

"लेक परक्याचे धन, म्हाताऱ्या आईबापांना ती थोडीच बघणार?" असे म्हणण्याची चाल आहे. कायदा याहून वेगळे सांगतो. १९८७ साली कल्याणच्या एका विवाहित डॉक्टर मुलीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरविले की, जवळ पुरेसे साधन असेल तर विवाहित मुलीवरही बापाच्या निर्वाहाची जबाबदारी आहे. २००७ च्या ज्येष्ठ नागरिकांच्या कायद्यातही मुलगा व मुलगी यांत भेद केलेला नाही. महाराष्ट्राच्या व कर्नाटकाच्या लेकींना वडिलोपार्जित मालमत्तेत बरोबरीचा हक्क १९९४ साली मिळू लागला. बरोबरीचे कर्तव्य त्याच्या सात वर्षे आधीच त्यांच्या पदरात पडले होते. आणि कायद्याची गोष्ट सोडली तरी, आई अंथरुणाला खिळली म्हणजे पंधरा-पंधरा दिवस रजा काढून कोण येते, हे प्रत्येक घराला माहीत असते.

हा प्रश्न हिंदू कुटुंबांपुरताच आहे असेही नाही. ख्रिस्ती कुटुंबांना १९२५ चा भारतीय वारसा कायदा लागू आहे, आणि त्यात मुलगा व मुलगी यांचा हिस्सा सारखाच आहे. त्रावणकोरच्या ख्रिस्ती मुलींना मात्र त्यासाठी १९८६ पर्यंत, मेरी रॉय यांच्या खटल्याच्या निकालापर्यंत, वाट पाहावी लागली. बेळगावहून घाट उतरला की गोवा. तेथे पोर्तुगीज काळापासून चालत आलेल्या दिवाणी कायद्यात धर्म कोणताही असो, मुलगी ही मुलाच्या बरोबरीची वारस आहे, आणि बापालाही मृत्युपत्र करून तिला पूर्णपणे वगळता येत नाही. तरीही कायदा समान असलेल्या घरांत बहिणीची सही मागितली जात नाही, असे कोणी म्हणू शकणार नाही. कायद्याने हक्क येतो. तो हक्क उच्चारण्याचे धैर्य घरातून यावे लागते.

या दृष्टीने शेतकरी चळवळीतील एक प्रयोग आठवण्यासारखा आहे. १९८१ च्या निपाणीच्या तंबाखू आंदोलनाचे नेते शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेने पुढे त्या दशकाच्या अखेरीस 'लक्ष्मीमुक्ती'चा कार्यक्रम हाती घेतला. शेतकऱ्याने आपल्या जमिनीचा काही भाग आपण होऊन बायकोच्या नावे करून द्यावा, आणि ज्या गावात अशी शंभर कुटुंबे होतील त्या गावाचा सन्मान करावा, अशी ती कल्पना होती. तिचे वैशिष्ट्य असे की, तेथे बाईला मागावे लागत नव्हते. देणारा आपण होऊन देत होता, आणि चारचौघांत देत होता. जे देणे चारचौघांत होते त्यात मोठेपणा असतो. जी सही निघण्याच्या आदल्या संध्याकाळी मागितली जाते, तिच्यात मागणाऱ्याचेही मन कोठेतरी कचरते.

सही करण्यापूर्वी

मग बहिणीने सही करूच नये काय? असे म्हणणे अन्यायाचे होईल. ज्या भावाने आईबापांना सांभाळले, कर्ज फेडले, त्याला आपला हिस्सा आनंदाने देणारी बहीण आहे, आणि तिचे ते देणे थोर आहे. परंतु देणे हे देणे ठरण्यासाठी दोन गोष्टी लागतात. आपल्याजवळ काय आहे हे देणाऱ्याला ठाऊक असले पाहिजे, आणि न देण्याची मोकळीकही त्याला असली पाहिजे. यांपैकी एकही नसेल, तर जे घडते ते दान नव्हे. ती फक्त सही होय.

हे ठाऊक होण्यासाठी थोड्या साध्या गोष्टी पुरेशा आहेत. कागद कन्नडमध्ये असेल तर तो घरी आणून, ज्याचा त्यात काही लाभ नाही अशा माणसाकडून मराठीत वाचवून घ्यावा. निबंधक सही कोणाची एवढेच पाहतो. कागद न्यायाचा आहे की नाही हे पाहणे त्याचे काम नव्हे. नोंदणी झालेले सोडपत्र मन बदलले म्हणून परत घेता येत नाही. फसवणूक किंवा बळजबरी झाली असेल तर कोर्टात जावे लागते, आणि त्यालाही ती गोष्ट कळल्यापासून साधारणतः तीन वर्षांची मुदत आहे. उलट, उताऱ्यावर नाव नाही म्हणून हक्क गेला असेही नाही. उतारा हा सारावसुलीचा कागद आहे, मालकीचा निकाल नव्हे. बाप हयात असताना त्याच्या स्वकष्टार्जित मालमत्तेतील पुढे मिळणारा वारसा सोडून दिल्याचे लिहून घेतले, तर नुसत्या आशेचा तो व्यवहार कायदा मानीत नाही. आणि लग्नात काय दिले, किती तोळे घातले, यामुळे वारशाचा हिस्सा कायद्याने कमी होत नाही.

भावाच्या भीतीलाही कायद्यात उत्तर आहे. वारशाने मिळालेला हिस्सा एका वारसाला विकावयाचा झाला, तर तो घेण्याचा पहिला हक्क दुसऱ्या वारसांचा आहे, असे १९५६ च्या कायद्याचे बाविसावे कलम सांगते, आणि शेतजमिनीलाही ते लागू आहे असे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ साली स्पष्ट केले. शिवाय हिस्सा म्हणजे बांध घालून रान तोडलेच पाहिजे असे नाही. जमीन एकत्र ठेवून बहिणीचे नाव उताऱ्यावर राहू देता येते. भावाने कसावे आणि दरवर्षी ठरलेला खंड तिला पोचवावा. हिश्शाची किंमत हप्त्यांनी देता येते. भावाने फेडलेले कर्ज आणि आईबापांसाठी केलेला खर्च त्या किमतीतून मोकळ्या मनाने वजा करता येतो. अर्धा हिस्सा सोडून अर्धा ठेवता येतो. 'सगळे किंवा काहीच नाही' हा कायद्याचा नियम नव्हे. ती संकोचाने बोलणे टाळणाऱ्या घराची अडचण आहे.

आणि हे बोलण्याची खरी वेळ आईबाप हयात असतानाची. त्यांनी मुलगे, मुली, सुना, जावई यांना एकत्र बसवून सांगावे की, एवढी जमीन, एवढे कर्ज, याने एवढे केले, हिचा हक्क एवढा. हे काम आईबापांचेच आहे. ते टाळले गेले म्हणजे बहीण-भावांच्या माथी येते. आणि त्या दोघांना एकमेकांवर प्रेम असूनही ते नीट करता येत नाही, कारण मध्ये जमीन उभी असते.

समाज बदलतो तेव्हा कर्तव्य नाहीसे होत नाही. ते नव्याने वाटून घ्यावे लागते. कालपर्यंत भावाने सांभाळावे आणि बहिणीने सोडावे, अशी ती वाटणी होती. आज बहीण आईच्या उशाशी बसते, कर्जाच्या वेळी दागिना मोडून देते, स्वतःही मिळविते. तिने कर्तव्याचा वाटा घेतला आहे, तर हक्काच्या वाट्याविषयी तिच्याशी मोकळेपणाने बोलणे हेही घराचे कर्तव्यच होय.

पुढच्या पंचमीला अक्का येईल. सोप्यात भाऊ पुन्हा विषय काढील. त्याने या वेळी एवढेच म्हणावे : "अक्का, हा कागद आहे. यात तुझे तीन एकर आहेत. वाचून घे, दाजींशी बोल, मग सांग." त्यानंतर तिने सही केली तर भावाला खरेच काही मिळाले असे म्हणता येईल. आणि नाही केली, तरी त्या घराचे दार तिला उघडे राहिले, तर ते माहेर खरे.